जाझबोट : तोंडानं केलेल्या चोरीची गोष्ट

‘जाझ बोट’ हा १९६० सालचा एक ब्रिटिश चित्रपट. कृष्णधवल, पण सिनेमास्कोप, म्हणजे लांबरुंद पडद्यासाठी काढलेला. भरपूर गाणी, नाच, दागिन्यांची एक चोरी, गुंडांची एक टोळी, पाठलाग करणारा एक पोलीस सार्जंट आणि मार्गेटच्या समुद्रकिनाऱ्याकडे निघालेली एक बोट. थोर वगैरे म्हणावा असा हा चित्रपट नाही. जाणकारांच्या यादीत तो सहसा सापडायचा नाही. दीड तास हसायचं, पायानं ठेका धरायचा आणि घरी जायचं, एवढंच त्याचं मागणं.

मग त्यावर एवढं लिहायचं कशाला? मंडळी, मी अनेक वर्षं शाळेत इतिहास शिकवला. तह, लढाया, सनावळ्या. पण लोक रोजच्या जगण्यात कशाला भीत होते हे पाठ्यपुस्तकात फारसं मिळत नाही. ते अशा हलक्याफुलक्या चित्रपटांत मिळतं. लोक कशाला हसत होते हे कळलं, की त्यांच्या मनात कसली धास्ती होती याचाही अंदाज येतो. हा चित्रपट मी पाहिला तो साठ वर्षं उशिरा, नातवाच्या लॅपटॉपवर. तो मध्येच कंटाळून उठून गेला. मी मात्र बसून राहिले, आणि नंतर बरेच दिवस त्याच्या आजूबाजूचं वाचत राहिले. त्यातून जे हाती लागलं ते इथे मांडते.

आधी गोष्ट. बर्ट हॅरिस हा एक साधा, कष्ट करून पोट भरणारा वायरमन. संध्याकाळी जाझ ऐकायला जाणारा. चारचौघांत भाव खाण्यासाठी तो एक थाप मारतो, की आपण म्हणजे भिंती चढून घरं फोडणारा अट्टल चोर! पोरींवर छाप पडते, पण ही थाप नको त्या कानांवर जाते. स्पायडर केली नावाच्या गुंडाची टोळी त्याला खराच चोर समजते आणि दागिन्यांच्या दरोड्यात ओढते. आता ‘मी थाप मारली’ म्हणावं तर टोळी बदडणार, आणि गप्प बसावं तर तुरुंग. आपल्या गावाकडे म्हणतात ना, तोंड बांधून बुक्क्यांचा मार, तशी गत. पुढची सगळी पळापळ या एका थापेतून निघते.

मला यातली गंमत निराळीच वाटली. हाताला चांगलं काम असलेल्या तरुणाला आपण चोर आहोत असं सांगावंसं का वाटावं? वायरमन असण्यापेक्षा चोर असणं जास्त रुबाबाचं कधीपासून झालं?

याचं उत्तर त्या दशकात आहे. महायुद्ध संपलं १९४५ मध्ये, पण ब्रिटनमधलं रेशनिंग पूर्णपणे संपायला १९५४ चा जुलै उजाडावा लागला. त्यानंतर मात्र दिवस पालटले. कामं भरपूर, पगार बरे. पंतप्रधान मॅकमिलन यांनी १९५७ मध्ये भाषणात सांगून टाकलं, की आपल्या बहुतेक लोकांनी इतके चांगले दिवस पूर्वी कधी पाहिले नव्हते. सोळा-अठरा वर्षांच्या कामकरी पोरांच्या खिशात पहिल्यांदाच स्वतःचे पैसे खुळखुळू लागले. त्या पैशांतून त्यांनी काय घेतलं? तर कपडे, रेकॉर्ड्स आणि नाचाची तिकिटं! लांब कोट, अरुंद विजारी, तेल लावून उभे केलेले केस, असा थाट. ही एडवर्ड राजाच्या काळातल्या पोशाखाची नक्कल, म्हणून यांचं नाव पडलं ‘टेडी बॉय’. वडिलधाऱ्यांच्या डोळ्यांत हे पोशाख खुपू लागले. त्यातले काहीजण खरोखरच चाकू बाळगणारे होते. पण बाकीचे नुसतेच मिरवणारे असले, तरी पेपरवाल्यांनी सगळ्यांना एकाच मापानं मोजलं. तरुण म्हणजे उनाड, उनाड म्हणजे गुन्हेगार, आणि या सगळ्यांना बिघडवणारं कोण, तर ते संगीत. हे गणित इतकं पक्कं झालं होतं, की बर्टसारख्याला वाटावं, रुबाब हवा तर चोराचंच सोंग घ्यावं.

बर्टची भूमिका केली आहे अँथनी न्यूली यानं. हा लंडनच्या हॅकनी भागातला, गरिबीतून वर आलेला. डेव्हिड लीन यांच्या १९४८ च्या ‘ऑलिव्हर ट्विस्ट’मध्ये खिसेकापू पोराचं, म्हणजे आर्टफुल डॉजरचं काम यानंच केलं होतं. लहानपणी पडद्यावर खरा चोर, मोठेपणी खोटा चोर! ‘जाझ बोट’ आला त्याच वर्षी, १९६० मध्ये, न्यूलीची दोन गाणी ब्रिटनच्या यादीत पहिल्या क्रमांकावर पोहोचली होती. दिग्दर्शक होते केन ह्यूज, आणि चित्रपट होता वॉरविक फिल्म्स या कंपनीचा. या कंपनीचे एक भागीदार अल्बर्ट ब्रोकोली. नाव ओळखीचं वाटतंय? पुढे ‘डॉक्टर नो’पासून (१९६२) जेम्स बाँडचे चित्रपट काढणारे तेच हे ब्रोकोली. आणि १९६४ च्या ‘गोल्डफिंगर’च्या शीर्षकगीताचे शब्द लिहिणाऱ्या दोघांपैकी एक हाच न्यूली. पोलीस सार्जंट झालेले लायोनेल जेफ्रीज १९६८ मध्ये ‘चिटी चिटी बँग बँग’ या मुलांच्या लाडक्या चित्रपटात आजोबा झाले. त्याचेही निर्माते ब्रोकोली आणि दिग्दर्शक ह्यूज. त्यात डिक व्हॅन डाइकचे वडील म्हणून शोभलेले जेफ्रीज वयानं त्याच्यापेक्षा सहा महिन्यांनी लहान होते!

असो. पण माझं लक्ष खिळलं ते या नटांवर नाही, बोटीवर वाजवणाऱ्या वाद्यवृंदावर. तो आहे टेड हीथ यांचा. (पुढे ब्रिटनचे पंतप्रधान झालेले टेड हीथ वेगळे. तेही संगीताचे दर्दी, पण त्यांचा ऑर्गन चर्चमधला.) आपले हीथ १९०२ चे, ट्रॉम्बोनवादक. पहिल्या महायुद्धानंतर पोटासाठी लंडन ब्रिज स्टेशनाबाहेर रस्त्यावर वाजवत असत आणि तिथेच कुणाच्या तरी कानावर पडून मोठ्या वाद्यवृंदात गेले, असं सांगतात. दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरीस त्यांनी स्वतःचा वाद्यवृंद उभा केला आणि तो ब्रिटनमधला सर्वांत नावाजलेला ठरला. सूट-टाय घातलेली, ओळीनं बसलेली, नोटेशनची पानं समोर ठेवून वाजवणारी ही माणसं. यांच्याकडे पाहून कुणाला गुन्हेगारी आठवावी?

आता इतिहास बघा. या देशात काही वर्षं जाझ वाजवणं हा अक्षरशः कायद्यानं गुन्हा ठरू शकत होता. मी अतिशयोक्ती करत नाही.

झालं असं. १९३२ मध्ये लुई आर्मस्ट्राँग आणि १९३३ मध्ये ड्यूक एलिंग्टन ब्रिटनमध्ये येऊन गेले. लोकांनी डोक्यावर घेतलं. पण अमेरिकेतली वादकांची युनियन ब्रिटिश वाद्यवृंदांना तिकडे वाजवू देईना. मग १९३५ मध्ये ब्रिटनच्या कामगार खात्यानं अमेरिकन वाद्यवृंदांना परवाने देणं बंद केलं. तुम्ही आमच्या पोटावर पाय देता, तर आम्हीही देतो! पोटापाण्याच्या भांडणातून आलेली ही बंदी थोडीथोडकी नाही, एकवीस वर्षं टिकली. एकटादुकटा कलावंत ‘व्हरायटी’ म्हणून, म्हणजे नकलाकार, जादूगार यांच्या रांगेतून येऊ शके. फॅट्स वॉलर १९३८ मध्ये तसाच आला. खुद्द ड्यूक एलिंग्टनला १९४८ मध्ये आपला वाद्यवृंद मागे ठेवून यावं लागलं. पंगतीला बोलवायचं आणि ताट मात्र घरी ठेवून यायला सांगायचं, असाच हा प्रकार!

इथे मुंबईची आठवण काढल्याशिवाय राहवत नाही. ज्या १९३५ मध्ये लंडनचं दार बंद झालं, त्याच साली मुंबईच्या ताजमहाल हॉटेलात लिऑन ॲबी यांचा कृष्णवर्णीय अमेरिकन वादकांचा जाझ वाद्यवृंद वाजत होता. नंतर टेडी वेदरफर्ड आले. त्यांच्या हाताखाली फ्रँक फर्नांडसारखे आपले गोवेकर तरुण तयार झाले. गोव्यात चर्चच्या शाळेत नोटेशन वाचायला शिकलेली ही मुलं मुंबईत आली, दिवसा स्टुडिओत आणि रात्री हॉटेलात वाजवू लागली. गोऱ्या राजवटीखालच्या मुंबईत जे राजरोस ऐकायला मिळत होतं, ते त्या राजाच्या राजधानीत मिळत नव्हतं.

लंडनमध्ये मग काय झालं? नोव्हेंबर १९४९. थोर वादक सिडनी बेशे याला कार्यक्रमाचा परवाना मिळाला नाही. आयोजकांनी युक्ती केली. बेशे प्रेक्षक म्हणून थिएटरात येऊन बसला, त्याचं नाव पुकारलं गेलं, आणि तो ‘सहज’ मंचावर गेला. साथीला हम्फ्री लिटल्टन यांचा वाद्यवृंद. हे लिटल्टन कोण? ईटनमध्ये शिकलेले, सैन्यातले माजी अधिकारी! लोकांना पर्वणी मिळाली, आणि आयोजकांवर खटला भरला गेला. परदेशी माणसाला विनापरवाना कामाला लावल्याचा. त्यांना दंडही झाला. गुन्हा काय, तर लोकांना चांगलं संगीत ऐकवलं.

पुढच्याच वर्षी, एप्रिल १९५० मध्ये, ‘क्लब इलेव्हन’ नावाच्या लंडनच्या जाझ क्लबवर पोलिसांची धाड पडली. दहा वादक आणि एक व्यवस्थापक अशा अकरा जणांनी काढलेला म्हणून त्याचं हे नाव. काही वादकांकडे अमली पदार्थ सापडले. ते झाकायचं कारण नाही. जे होतं ते होतं. पण कोर्टात मॅजिस्ट्रेटनी ‘बीबॉप म्हणजे काय?’ असं विचारलं आणि पोलिसांनी तो एक विचित्र नाच असल्याचं सांगितलं, असा किस्सा आहे. ज्याला आपण गुन्ह्याचं मूळ समजतो ते नाच आहे की गाणं हेही माहीत नाही! त्या धाडीत पकडलेल्यांपैकी एक रॉनी स्कॉट, जो काही काळ टेड हीथच्याच वाद्यवृंदात सॅक्सोफोन वाजवत होता. त्यानं ऑक्टोबर १९५९ मध्ये लंडनमध्ये स्वतःचा जाझ क्लब उघडला, आणि तो पुढे जगप्रसिद्ध झाला.

बंदी उठली १९५६ मध्ये, तीही देवाणघेवाणीनं. स्टॅन केंटनचा वाद्यवृंद अमेरिकेतून इकडे, आणि त्या बदल्यात टेड हीथचा तिकडे. १ मे १९५६ रोजी न्यूयॉर्कच्या कार्नेगी हॉलमध्ये हीथचा कार्यक्रम झाला. ब्रिटिश वाद्यवृंदानं अमेरिकेत जाऊन अमेरिकेचंच संगीत वाजवलं आणि वाहवा मिळवली.

पण त्याच दौऱ्यात, तीन आठवडे आधी, एक प्रसंग घडला होता. तो सांगण्यासाठीच मी खरं तर हा लेख लिहायला घेतला. १० एप्रिल १९५६, अलाबामा राज्यातलं बर्मिंगहॅम शहर. हीथच्या वाद्यवृंदाबरोबर गाणार होता नॅट किंग कोल. कोल कृष्णवर्णीय, आणि जन्म याच राज्यातला. तिथे कार्यक्रमही वेगवेगळे, पहिला गोऱ्यांसाठी, दुसरा काळ्यांसाठी. पहिल्या कार्यक्रमात कोल गात असताना प्रेक्षकांतून काही गोरे धावत मंचावर चढले आणि त्यांनी त्याला खाली पाडलं. मारहाण झाली, पोलीस मध्ये पडले. हे हल्लेखोर वर्णभेद टिकवण्यासाठी स्थापन झालेल्या संघटनेशी संबंधित होते. हीथच्या मंडळींनी गोंधळ थांबावा म्हणून ब्रिटनचं राष्ट्रगीत वाजवायला सुरुवात केली, असं सांगतात. त्याच चालीवर अमेरिकेतही एक देशभक्तिगीत गायलं जातं. कोल पुन्हा मंचावर आला तो लोकांना भेटण्यापुरता. तो कार्यक्रम त्याला पुरा करता आला नाही. पण त्याच रात्री काळ्या प्रेक्षकांसाठीच्या दुसऱ्या कार्यक्रमात तो गायला.

जाझमुळे गुन्हेगारी वाढते म्हणणाऱ्यांनी हा प्रसंग जरूर आठवावा. इथे मंचावर वाद्यं होती आणि गुन्हा प्रेक्षकांतून चढून आला होता. अंगावर बरे कपडे असलेली, तिकीट काढून आलेली माणसं ती.

हे कळल्यावर मी ‘जाझ बोट’ पुन्हा लावला. ठेका तोच, गमतीही त्याच. पण त्या वाद्यवृंदाकडे पाहताना मनात सारखं येत होतं, की चारच वर्षांपूर्वी हे वाद्यवृंदाचं नाव कुठल्या मंचावर होतं, काय पाहून आलं होतं.

आणि हे फक्त अमेरिकेतच होतं असं म्हणून ब्रिटनला सुटका नाही. १९५८ च्या ऑगस्ट अखेरीस लंडनच्या नॉटिंग हिल भागात दंगल झाली. वेस्ट इंडीजहून कामासाठी आलेल्या कुटुंबांवर गोऱ्या तरुणांच्या टोळ्यांनी हल्ले केले. त्यांत टेडी बॉय होतेच. म्हणजे चित्रपटातल्या विनोदी टोळीचे खरे भाऊबंद दोनच वर्षांपूर्वी इतके भेसूर वागले होते. तेव्हा त्यांच्या विरोधात कोण उभं राहिलं? जाझवालेच! त्याच साली वर्णद्वेषाविरुद्ध कलावंतांनी जी मोहीम उभारली, तिच्यात जॉनी डँकवर्थ, क्लिओ लेन आणि आपले मघाचे लिटल्टन होते. ज्यांना बिघडवणारे म्हटलं गेलं, ते लोकांची समजूत घालत होते.

‘जाझ बोट’च्या गोष्टीत याची सावलीही पडत नाही. याचा मला सुरुवातीला राग आला. मग वाटलं, हसवणाऱ्या चित्रपटाकडून साक्षीची अपेक्षा करणं बरं नाही. त्यानं त्याच्यापरीनं एक काम केलं. पेपरांनी ज्यांचा बागुलबुवा केला होता त्या पोरांना त्यानं माणसांत आणलं. बर्टचा अपराध काय, तर बढाई. असली बढाई कुठल्या वयात, कुठल्या देशात पोरं मारत नाहीत? शाळेत असताना माझ्या वर्गातही असे बर्ट दरवर्षी एखाददुसरा असे. न केलेल्या खोड्या स्वतःच्या नावावर सांगायचा आणि मग शिक्षा आली की रडायचा! अशांना खरे गुंड समजून वागवलं, की तेही हळूहळू तसंच वागू लागतात, हे कुठल्याही शिक्षकाला विचारा.

आपल्या हिंदी चित्रपटांनीही हेच गणित मांडलं होतं, बरं का. गुरुदत्त यांच्या ‘आरपार’मध्ये (१९५४) नायक टॅक्सी चालवणारा, साधा माणूस. तोही असाच बँक लुटणाऱ्या टोळीच्या तावडीत सापडतो. आणि ही टोळी कुठे भेटते? क्लबमध्ये, गाण्या-नाचाच्या जागी! ‘बाजी’ (१९५१), ‘सी.आय.डी.’ (१९५६), ‘हावडा ब्रिज’ (१९५८), कुठलाही घ्या. ट्रम्पेट वाजलं की समजायचं, खलनायक जवळपास आहे. हे ट्रम्पेट, सॅक्सोफोन वाजवणारे कोण होते? बरेचसे गोव्याचे, सकाळी चर्चला जाणारे, पै पै गावी पाठवणारे कुटुंबवत्सल लोक. भगवानदादांच्या ‘अलबेला’मध्ये (१९५१), सी. रामचंद्र यांच्या संगीतात, चिक चॉकलेट आणि त्यांचा वाद्यवृंद पडद्यावर दिसतो. चेहरे नीट पाहा, किती प्रसन्न! पण अशा बहुतेकांच्या वाट्याला पडद्यावरचं नावही आलं नाही. आलं ते फक्त गुन्ह्याला साथ करणं.

‘जाझ बोट’नंतर थोड्याच दिवसांत, जुलै १९६० च्या अखेरीस, हँपशायरमधल्या ब्यूली इथल्या जाझ महोत्सवात मारामारी झाली. जुन्या धाटणीच्या जाझचे चाहते आणि नव्या जाझचे चाहते यांच्यात! बीबीसीला प्रक्षेपण आवरतं घ्यावं लागलं. १९६१ नंतर तो महोत्सव तिथे झाला नाही. म्हणजे संगीतप्रेमी लोक काही अगदी संत नव्हते, हेही नोंदवून ठेवायला हवं. आमच्याकडे घराण्यांवरून भांडणं होतात, तसंच हे, फक्त जरा हातघाईवर आलेलं.

पण तोवर काळ पुढे सरकला होता. खऱ्या जाझबोटी ब्रिटनच्या नद्यांवर अजून चालत होत्या. ऑगस्ट १९६१ मध्ये लिव्हरपूलच्या मर्सी नदीतल्या अशाच एका बोटीवर ॲकर बिल्क यांच्या जाझबरोबर चार स्थानिक पोरांनीही आपली वाद्यं वाजवली. त्या पोरांचं नाव बीटल्स. आता पोरांना बिघडवल्याचा ठपका त्यांच्यावर आणि त्यांच्या केसांवर बसायचा होता. जाझ मात्र एकदम सभ्य झालं, मोठ्यांचं झालं, सूट घालून ऐकायचं झालं. सूर तेच, मग त्यातलं पाप गेलं कुठे?

हीथ १९६९ मध्ये गेले, न्यूली १९९९ मध्ये. टेडी बॉयचे कोट आता संग्रहालयात दिसतात. ‘जाझ बोट’ कुठे मिळाला तर जरूर पाहा. बर्टच्या फजितीला मनसोक्त हसा. मध्येच मागे वाद्यवृंद दिसेल, तेव्हा क्षणभर त्यांच्याकडेही पाहा. आणि आजच्या पोरांच्या गाण्यांनी डोकं उठलं, हे गाणंच त्यांना वाया घालवतंय असं वाटलं, तर टेप बंद करायला सांगण्याआधी हा जुना हिशेब एकदा आठवा. मीही आठवते. नातू वरच्या खोलीत काहीतरी धडधडतं लावतो, मला त्यातलं काही कळत नाही, पण हल्ली मी दार तेवढं लोटून घेते आणि गप्प बसते.